भाडेपावतीवरची सही

श्रीनिवासची एक सवय मला तो चड्डीत होता तेव्हापासून आवडत नाही. त्याला काय नको आहे, हे तो स्वतःच्या तोंडाने सांगत नाही. कुठला तरी नियम पुढे करतो आणि आपण मागे उभा राहतो. लहानपणी कारल्याची भाजी नको असली की म्हणायचा, "बाईंनी सांगितलंय, परीक्षेच्या आधी कडू खायचं नाही." मी शाळेत जाऊन बाईंना विचारलं, तर त्या बिचाऱ्या माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. आता तो पन्नाशीला आला. चांगी बिझनेस पार्कात बँकेत मोठ्या खुर्चीवर बसतो, सिंगापूरचा पीआर, म्हणजे कायमचा रहिवासी झाला, टॅम्पिनीसमध्ये स्वतःचा फ्लॅट घेतला. कारलं अजून तसंच आहे. कुणाकडे जेवायला जायचं नसलं की "ऑफिसची पॉलिसी आहे, आई." गणपतीची वर्गणी गोळा करायला आलेल्या मुलांनासुद्धा त्याने एकदा पॉलिसी सांगितली होती.

मी शिकले चौथीपर्यंत. पण मला कोणी कागदाची भीती घालू नये. आमचे हे मराठा रेजिमेंटमध्ये हवालदार होते. ते गेले तेव्हा फॅमिली पेन्शनचे सगळे कागद मी एकटीने केले. नावात चूक आहे म्हणून अर्ज तीनदा परत आला. चौथ्यांदा मी स्वतः गेले आणि कारकुनाच्या टेबलासमोर डबा उघडून बसले. म्हटलं, मला घाई नाही, संध्याकाळचाही डबा आणलाय. दुपारपर्यंत काम झालं. तेव्हापासून फौजेचा कुठलाही नियम निघाला की घरात सगळे मलाच विचारतात, आणि मीही सांगते. या सांगण्यानेच या वेळी माझं नाक कापलं.

झालं असं. माझी मुलगी मीनल टेक्ससला असते. तिचा मुलगा नील जन्माने तिथलाच, पण दोन वर्षांचा असताना तिने त्याला माझ्याकडे पुण्याला ठेवला होता, तो पाच वर्षांचा होईपर्यंत. त्याचं मराठी तिथेच थांबलंय. सत्तावीस वर्षांचा घोडा झाला तरी "आजी, मला भूक आली" म्हणतो. बारावीनंतर तो अमेरिकेच्या फौजेत गेला. मीनलने रडून घर डोक्यावर घेतलं, मी मात्र त्या दिवशी शिरा केला. सहा वर्षं नोकरी केली, डावा गुडघा खराब करून घेतला आणि बाहेर पडला. तिथलं सरकार अशा मुलांना कॉलेजात शिकायचं असेल तर फी देतं, आणि शिकत असेपर्यंत राहण्याचा भत्ताही देतं. परदेशातल्या काही कॉलेजांनासुद्धा चालतं म्हणे. तर हा पठ्ठ्या सिंगापूर निवडून बसला. मीनलने विचारलं, सिंगापूरच का? तर म्हणाला, "आजी तिथे आहे."

गेल्या ऑगस्टमध्ये आला. आमच्याकडे तीन खोल्या. एक श्रीनिवास आणि माझी सून कादंबरी यांची, एक नात चैत्रालीची, एक माझी. नील हॉलमध्ये गादी टाकून झोपायचा. पहाटे पाचला उठून अंथरूण असं घडी करायचा की कोपऱ्यावर हात फिरवला तर कापेल. स्वतःचं ताट स्वतः घासायचा. मला वाटलं, या घरात पहिल्यांदा कोणीतरी शिस्तीचं माणूस आलं.

हो, अडचण होती. ती मी नाकारत नाही. कादंबरी आठवड्यातले तीन दिवस जेवणाच्या टेबलावरूनच ऑफिस करते. चैत्रालीचं ओ-लेव्हलचं, म्हणजे इथल्या दहावीचं वर्ष होतं. सहा फुटी माणूस हॉलमध्ये जोर मारतोय आणि इकडे पोरगी गणितं सोडवतेय, असं रोज चालायचं. पण भाचा आहे तो. भाच्याला कोणी 'जागा नाही' म्हणतं का? माझ्या माहेरी भाचा आला की माझे भाऊ स्वतः ओसरीवर झोपायचे.

तीन आठवडे झाले असतील. रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर श्रीनिवासने खुर्ची ओढली. हातात काही कागद नव्हता, पण चेहरा कागद वाचल्यासारखा केला होता.

"नील, तुझ्या हाउसिंग अलाउन्सचा एक इश्यू आहे," तो म्हणाला. "तू नातेवाइकाच्या घरी फुकट राहतोस. अशाने अलाउन्स मिळत नाही. दिलेला परत मागतात. रेंट अ‍ॅग्रीमेंट लागतं, पावत्या लागतात. आपल्या एचआरएसारखंच असतं हे. आई, तूच सांग, पावत्या लागायच्या की नाही?"

आता इथे मला पुण्याचं सांगायला हवं. श्रीनिवास पुण्यात नोकरीला होता तेव्हा आम्ही धनकवडीला राहायचो. फ्लॅट माझ्या नावावर, ह्यांच्या रिटायरमेंटच्या पैशातून घेतलेला. दर फेब्रुवारीत श्रीनिवास घरभाड्याच्या बारा पावत्या घेऊन माझ्यापुढे बसायचा. त्यावर आधीच रेव्हेन्यू स्टँप चिकटवलेले. मी स्टँपवर आडवी सही करायची. भाडं म्हणून एक रुपया कधी माझ्या हातात आला नाही, पण वर्षभराचं भाडं एका बैठकीत पोचायचं. बारा वर्षं असं चाललं. माझी सही वळणदार झाली ती बँकेत नव्हे, श्रीनिवासच्या पावत्यांवर.

म्हणून मी ठसक्यात म्हणाले, "लागतात तर! पावतीशिवाय घरभाडे भत्ता कोण देतो? त्यात काय, मी देते की पावती. आण स्टँप."

श्रीनिवासने मान हलवली. "आई, ती काही आपली कंपनी नाही. आर्मीचा पैसा आहे. खोटी पावती सापडली तर मुलगा आत जाईल."

आणि मी काय म्हणावं? मीच म्हणाले, "बरोबर आहे. फौजेला खोटा कागद द्यायचा नाही. ह्यांनी कधी दिला नाही, आपणही द्यायचा नाही. नील्या, जवळच एखादी खोली बघ बाळा."

नीलने आधी माझ्याकडे पाहिलं, मग मामाकडे. बराच वेळ पाहिलं. कादंबरी उठून ओट्याकडे गेली. मग नील म्हणाला, "ओके मामा."

आठ दिवसांत तो गेला. बसने चार स्टॉपवर एका लिम आंटींकडे खोली मिळाली. खोली कसली, पलंग ठेवल्यावर दार अर्धंच उघडायचं. आत शिरल्या शिरल्या भिंतीवर नियमांचा कागद. स्वयंपाक करायचा नाही, वॉशिंग मशीन आठवड्यातून दोनदा, एसी फक्त रात्री, पाहुणे आणायचे नाहीत. सामान लावायला गेले तेवढीच मी आत गेले. त्यानंतर मला खालीच थांबावं लागायचं, व्हॉइड डेकवर. इथल्या ब्लॉकखाली खांबांची मोकळी जागा असते ना, तिला व्हॉइड डेक म्हणतात. तिथे एक दगडी बाक होतं. दर गुरुवारी मी डबा घेऊन जायची, नील खाली यायचा आणि माझ्यासमोर बसून जेवायचा. समोर चिनी म्हातारे पट मांडून खेळायचे, तेही मला ओळखायला लागले. मी रिकामा डबा बंद केला की एकजण शाबासकीचा अंगठा वर करायचा.

गंमत बघा. सरकार त्याला घरासाठी भत्ता देतंय, आणि त्या घरात त्याला चहा उकळता येत नाही. सख्ख्या आजीला वर जाता येत नाही. मी दर गुरुवारी अमेरिकेच्या सरकारला मनातल्या मनात शिव्या घालत परत यायची. बाकावर बसून गुडघे धरायचे. मला वाटायचं, काय हे नियम, म्हाताऱ्या बाईला डबा घेऊन खांबाखाली बसवतात! घरी येऊन बोलले की श्रीनिवास म्हणायचा, "काय करणार आई, रूल इज रूल."

पोरगा वाळत चालला होता. विचारलं की म्हणायचा, "आय अ‍ॅम गुड, आजी."

आता परवाची गोष्ट. मे महिना. त्याची परीक्षा संपली. गुरुवारी मी भरली वांगी नेली होती. तो जेवला, डबा स्वतः नळावर धुऊन आणला, आणि माझ्या शेजारी बाकावर बसून म्हणाला, "आजी, तू रागवू नको. मी शनिवारी जातो. मम्मीकडे."

"जा की. सुट्टी आहे. परत कधी येणार?"

"परत नाही."

मला वाटलं, त्याच्या मराठीचा घोळ आहे. "ऑगस्टमध्ये म्हणायचंय का तुला?"

"नो, आजी. कॉलेज सोडतो. तिकडे बघतो काहीतरी."

मी बाक घट्ट धरलं. विचारलं, नापास झालास का? नाही. कोणी मुलगी? नाही. मग हळूहळू बाहेर आलं. हा भत्ता वर्ग चालू असेपर्यंतच मिळतो. सेमिस्टर संपली की बंद. मधल्या सुट्टीचा काही नाही. डिसेंबरात त्याने साठवलेल्यातून निभावलं होतं. आता ऑगस्टपर्यंत तीन महिने भत्ता नाही, आणि लिम आंटीचं भाडं काही थांबत नाही. अजून दोन वर्षं शिकायचं होतं. दर सुट्टीला हेच होणार.

"मग एवढंच ना?" मला हसू आलं. "वेडा! खोली सोड आणि घरी ये. ऑगस्टमध्ये परत दुसरी बघू."

"नको आजी."

"का नको? फुकट राहिलास तर भत्ता कापतात म्हणून तू बाहेर गेलास. आता भत्ताच नाही, तर कापणार काय, माझे केस?"

त्याने डब्याचं झाकण लावलं. माझंच वाक्य माझ्या कानात परत वाजलं. भत्ता नाही, तर नियम कुठला? डिसेंबरातही भत्ता नव्हता. तेव्हा कोणी म्हटलं का, ये महिनाभर घरी? मी म्हटलं नाही, कारण मला माहीत नव्हतं. पण श्रीनिवासला सुट्ट्या माहीत नव्हत्या का? त्याच्या तर बोटांवर असतात तारखा.

"नील्या, इकडे बघ. ते भत्त्यावाले तुला दर महिन्याला काय विचारतात?"

त्याने फोन काढून दाखवला. मेसेज येतो, तुम्ही अजून शिकताय का? हो लिहायचं, झालं.

"मला पेन्शनवाले वर्षातून एकदा विचारतात, जिवंत आहे का. तुला दर महिन्याला विचारतात, शिकतोय का. बरं. आणि घराचं काय विचारतात?"

"घराचं विचारत नाही."

"पावती?"

"नो."

"कधीच नाही?"

"आजी," तो उठला, "तू मामाला काही बोलू नको. इट्स हिज हाउस. मला जिथे नको असतं, तिथे मी नाही राहत."

एवढं बोलून त्याने मला बसपर्यंत सोडलं. गाडी सुटेपर्यंत उभा होता, पाठ सरळ, हात मागे. त्याच्या आजोबांसारखाच.

घरी आले ती सरळ चैत्रालीच्या खोलीत गेले. ती कानात ते गाण्याचं बोंड घालून पडली होती. ते मी काढलं. "ऊठ. नीलदादाच्या भत्त्याचे नियम काढ आणि मला मराठीत सांग. एक अक्षर गाळू नकोस."

"आजी, आत्ता? रिलॅक्स लाह." इथली पोरं प्रत्येक वाक्याला हे 'लाह'चं शेपूट लावतात.

"लाह गेली चुलीत. काढ."

काढलं तिने. बोट फिरवत, अडखळत, अर्धं इंग्रजीत अर्धं मराठीत सांगितलं. अर्ध्याहून जास्त अभ्यासक्रम घेतलेला हवा. सगळं घरबसल्या कॉम्प्युटरवर चालणार नाही, वर्गात जाऊन बसायला हवं. परदेशातल्या कॉलेजांना ठरलेला एकच दर. महिना संपल्यावर मिळतो. सुट्टीत मिळत नाही.

"आणि राहायचं कुठे?"

"कुठेही. दे डोन्ट केअर, आजी. तो एमआरटी स्टेशनवर झोपला तरी ओके."

"मामाकडे?"

"ऑल्सो कॅन."

"पावती लागते?"

"नो रिसीट, नथिंग." मग ती माझ्याकडे जरा चमकून बघायला लागली. "आजी, पण हे बाबांना माहितेय. दादाने पहिल्याच वीकमध्ये बाबांना हे पेज दाखवलं होतं. मी तिथेच होते. आय थॉट यू ऑल्सो नो. तूच तर म्हणालीस, पावती पाहिजे म्हणून."

मी तिच्या पलंगावर बसले. पोरीने पाणी आणलं, ते प्यायले. म्हणजे त्या रविवारी टेबलाभोवती बसलेल्या सगळ्यांना ठाऊक होतं. श्रीनिवासला, नीलला, या एवढ्याशा पोरीला. कादंबरी ओट्याकडे का वळली तेही आत्ता कळलं. फक्त मला ठाऊक नव्हतं, आणि सगळ्यात मोठ्या आवाजात मी बोलले होते. नातवाला घराबाहेर मी काढलं, ह्यांचं नाव घेऊन. त्याच्या फौजी आजोबांचं नाव! तो पोरगा त्याच नावाला मान देऊन गप उठून गेला. आणि नऊ महिने मी भरवत राहिले आणि अमेरिकेला शिव्या देत राहिले.

साडेसातला श्रीनिवास आला. बूट काढले, बॅग ठेवली, हात धुतले. मी टेबलाशी बसले होते, त्या रविवारच्याच खुर्चीत.

"नील शनिवारी कायमचा चाललाय," मी म्हणाले.

"अरेरे. का?"

"सुट्टीत भत्ता नसतो म्हणून."

"हो, ती सिस्टिमच तशी आहे त्यांची. काय करणार."

"आता भत्ता नाही. मग आता इथे राहायला कुठला नियम आड येतो?"

तो पाण्याचा ग्लास शोधायला लागला. ग्लास त्याच्या समोरच होता.

"आई, ते कॉम्प्लिकेटेड आहे. फ्लॅटमध्ये किती माणसं राहू शकतात, त्याचे इथल्या सरकारचेसुद्धा—"

"श्रीनिवास!"

माझा आवाज ऐकून कादंबरी आतून बाहेर आली. चैत्राली दारात उभी राहिली.

"दुसरा नियम काढू नकोस. पहिल्याचं आधी बघू. नीलने तुला पान दाखवलं होतं की नव्हतं?"

तो खाली बसला. "दाखवलं होतं."

"मग?"

"मग काय सांगणार होतो त्याला? जा म्हणून? मीनल आयुष्यभर बोलली नसती माझ्याशी. तू बोलली नसतीस. घरात श्वास घ्यायला जागा नव्हती, आई. चैत्रालीचं महत्त्वाचं वर्ष. कादंबरीचे कॉल चालू असताना तो मागून टॉवेल गुंडाळून जायचा. मला कुणाला दुखवायचं नव्हतं. असं सांगितलं की कुणाचंच मन मोडत नाही."

"मला मध्ये घेऊ नकोस, श्री," कादंबरी म्हणाली. माझ्या सुनेची आणि माझी फारशी गट्टी नाही, पण खोटं ती बोलत नाही. "मी तेव्हाच म्हटलं होतं, सरळ बोल त्याच्याशी. परीक्षेपर्यंत दोन महिने बाहेर राहा, मग ये. तो हसत गेला असता. तूच म्हणालास, आईंकडून वदवतो, म्हणजे प्रश्न मिटेल."

वदवतो! मी काय देव्हाऱ्यातली कौल लावायची मूर्ती आहे?

"चैत्रालीची परीक्षा नोव्हेंबरात संपली," मी म्हणाले. "डिसेंबरात तो पोरगा साठवलेले पैसे मोडून त्या कोंबडीच्या खुराड्यात राहिला. तुम्ही तेव्हा इथे नाताळचं झाड सजवून केक कापलात. मी त्याचा तुकडा डब्यात घालून नेला होता त्याच्यासाठी."

"मला वाटलं, तो तिथे सेट झालाय," श्रीनिवास म्हणाला. "एकदा सांगितल्यावर आता परत कसं बोलवायचं? मग विचारेल ना, नियम कुठे गेला."

ते बोलताना त्याचा चेहरा थेट कारलं ताटात पडलेल्या पोरासारखा झाला होता. मला क्षणभर कीवसुद्धा आली. पोटचा आहे. पण नीलची पाठ आठवली, बसस्टॉपवरची.

"तो विचारणार नाही. त्याला पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे. तुझी लाज राखायला नऊ महिने गप बसला तो. आणि आज मला म्हणतो, मामाला काही बोलू नको."

हे श्रीनिवासला माहीत नव्हतं. त्याने चष्मा काढला आणि टेबलावर ठेवला. परत उचलून काचा पुसल्या. मग तो म्हणाला, "मी मीनलला फोन करतो. काहीतरी मार्ग काढू. म्हणजे असं सांगता येईल की आता रूल बदललाय—"

तेव्हा मी उठले. गुडघे वाजले, वाजू दे. टेबलावर हात टेकून त्याच्या तोंडासमोर उभी राहिले आणि सांगितलं:

"श्रीनिवास, तुझ्या पुण्याच्या पावत्यांवर मी बारा वर्षं सह्या केल्या, कारण त्या कागदांनी कुणाचं अंथरूण उचललं नव्हतं. या वेळी तू माझं तोंड स्टँपसारखं वापरलंस आणि ते माझ्याच नातवाच्या पाठीवर मारलंस. भाचा अडचण वाटला, हा गुन्हा नाही. ते तुला तोंडाने बोलता आलं नाही, हा आहे. आता ऐक. उद्या ऑफिसात पॉलिसी सांग, नाहीतर आई मेली सांग, पण सुट्टी टाक. लिम आंटीच्या ब्लॉकखाली जा, माझ्या बाकावर बस, आणि तो खाली आला की म्हण, 'नील, नियम नव्हता. मला तू घरात नको होतास.' एवढं पुरं बोलून झालं की मगच 'घरी चल' म्हण, आधी नाही. तो आला तर त्याचं अंथरूण माझ्या खोलीत पडेल, तो शिकून संपेपर्यंत. नाही आला, तर शनिवारचं माझंही तिकीट काढ, पुण्याचं. आणि तिथे कुणी विचारलं ना, का परत आलात, तर मी नियम सांगणार नाही. तुझं नाव सांगेन."